अक्कलच्या पार्टीचे आभार

तिला अक्कल म्हणायला लागले ते तिच्या विसाव्या वर्षी, अक्कलदाढ आली तेव्हा. चार मुली त्या वेळी एका भाड्याच्या खोलीत राहायच्या. दोन पलंग, जमिनीवर दोन गाद्या, एक शेगडी, आणि खिडकीसमोर गॅरेजची पत्र्याची भिंत. दाढेनं तिला तीन दिवस रडवलं, गाल भोपळ्यासारखा सुजला. चौथ्या दिवशी नर्सिंग शिकणारी मैत्रीण म्हणाली, "चला, आपल्यात एकीला तरी अक्कल आली." ते नाव चिकटलं ते चिकटलंच. मग विनोदांना काय तोटा. तिला उशीर झाला की "अक्कल काय, उशिराच येणार." ती बाहेर गेली की "आज आम्ही बिनअकलेच्या." तीही हसायची. आपल्याला कुणी नाव ठेवलं म्हणजे आपण कुणाच्या तरी आहोत, असं त्या वयात वाटतं. नाव ठेवणं वेगळं आणि नावं ठेवणं वेगळं, हे कळायला आणखी वीस-बावीस वर्षं जावी लागली.

नर्सिंग शिकणारी नर्स झाली. दुसरी बँकेत लागली. तिसरीनं केस कापायला शिकून स्वतःचं छोटं पार्लर काढलं. आणि अक्कल कवळ्या करायला लागली. एका इमारतीच्या तळघरात तिची लॅब होती. दातांच्या डॉक्टरांकडून डब्यात घालून ठसे यायचे. त्यात ती प्लास्टर ओतायची, साचा काढायची, मेणात एकेक दात बसवायची, मग मेणाच्या जागी गुलाबी हिरडी भरायची, आणि शेवटी मोटरवर घासून-पुसून अशी कवळी करायची की घालणाऱ्याला वाटावं, आपलेच दात परत आले. माणसं तिला दिसायचीच नाहीत, नुसती तोंडं यायची. कोण रागानं दात खातो, कोण एकाच बाजूनं चावतो, हे तिला ठशावरून कळायचं.

त्या खोलीतच तिला एकदा मोठा ताप आला होता. तो उतरला, पण जाताना डावा कान घेऊन गेला. नर्स तेव्हा शिकाऊ होती. कपाळावर ओल्या घड्या ठेवायला तीच बसली होती. कान गेल्याचं अक्कलनं तिघींना सांगितलं, वर्षभरानं पुन्हा एकदा सांगितलं, आणि मग सांगायचं सोडून दिलं. एक कान नाही म्हणून काही अडत नव्हतं. ती आपली माणसाच्या डावीकडे जाऊन बसायची, म्हणजे तिचा चांगला कान त्याच्याकडे यायचा. लॅबमध्ये कॉम्प्रेसर सुरू झाला की तोही कान बाद. तिथं ती ओठ बघून बोलणं समजून घ्यायला शिकली. तोंडाशीच धंदा असल्यावर ते जड गेलं नाही.

पुढच्या आठ-दहा वर्षांत तिघींची लग्नं झाली, आणि तिन्ही वेळा लग्नाआधीची मैत्रिणींची पार्टी अक्कलनं केली. नर्सच्या वेळी तिनं तळ्याकाठचं एक घर दोन दिवसांसाठी शोधून काढलं. बँकवालीच्या वेळी जुन्या ऑफिसातल्या, शाळेतल्या, कुठकुठल्या चौदा जणींना गुपचूप गोळा केलं. पार्लरवालीच्या वेळी पाऊस कोसळत होता, गाडी बंद पडली, तर हिनं केकचा डबा डोक्यावर धरून दोन किलोमीटर चालत नेला. पार्टी झाली की आभाराचा मजकूर लिहायचा असायचा, आणि तोही हिच्याच गळ्यात. "अक्कल, तूच लिही ना, तुला छान जमतं." मग नवरीच्या वतीनं ही सगळ्यांचे आभार मानायची. कुणी फुलं आणली, कुणी गाणं म्हटलं, एकेकीचं नाव घेऊन. स्वतःविषयी काय लिहिणार? शेवटी एक ओळ टाकायची, "आणि अक्कल, नेहमीप्रमाणे." नर्सच्या कार्डावर जागा उरली नाही म्हणून ती ओळ गाळली गेली.

तिनं हे कधी बोलून दाखवलं नाही, पण विसरलीही नाही. तिची आई तिच्याबरोबरच राहायची. आईच्या तोंडात लेकीनंच केलेली कवळी होती आणि त्या कवळीतून ती फार स्पष्ट बोलायची. "तू करतेस आणि लक्षात ठेवतेस," आई म्हणायची. "दोन्हीतलं एक काहीतरी सोड. नाहीतर करपून जाशील."

अक्कलनं दोन्हीतलं काही सोडलं नाही. मैत्रिणींची मुलं तिला मावशी म्हणत मोठी झाली. दर रविवारी सकाळी ती एकेकीला फोन करायची. सहलीला तिन्ही जोडपी निघायची आणि सातवी ही. गाडीत मागे मुलांच्यात बसायची.

मग बेचाळिसाव्या वर्षी तिचं लग्न ठरलं.

तो लिफ्ट दुरुस्त करणारा. बायको जाऊन सहा वर्षं झालेली, मूलबाळ नाही. इमारतीची लिफ्ट तपासायला तो महिन्यातून एकदा यायचा. मेन स्विच तळघरात, बरोबर अक्कलच्या टेबलामागे. "दहा मिनिटं वीज बंद करू का?" असं विचारायचा. एकदा तिच्या विजेच्या भांड्यात कवळी पक्की व्हायला शिजत होती, वीज घालवून चाललं नसतं. ती म्हणाली, "अर्धा तास थांबावं लागेल." तो स्टूल ओढून बसला आणि अर्धा तास थांबला, एकदाही घड्याळ न बघता. तिसऱ्या-चौथ्या खेपेला त्यानं स्टूल उचलून तिच्या उजव्या हाताला ठेवलं.

"इकडे का?" तिनं विचारलं.

"तिकडून बोललं की तुम्ही अख्खी मान वळवता," तो म्हणाला. "यंत्र एका बाजूला झुकायला लागलं की आम्ही बघतो, कुठं अडलंय."

ती हातातलं मेण तसंच धरून बसली. वीस वर्षांत हे कुणी बघितलं नव्हतं.

बातमी तिनं बँकवालीच्या घरी चहाच्या वेळी सांगितली. बँकवालीनं कप खाली ठेवला.

"करतो काय?" बँकवालीनं विचारलं.

"लिफ्ट दुरुस्त करतो."

"म्हणजे संसार वर-खाली होणार," नर्स म्हणाली, आणि सगळ्या हसल्या.

हसणं ओसरल्यावर पार्लरवाली म्हणाली, "आता आपण अक्कलची पार्टी करायची. बॅचलरेट पार्टी. तिनं आपल्या तिघींच्या केल्या, आता आपली पाळी."

"छे गं," अक्कल म्हणाली. "या वयात कसली पार्टी." कुणीतरी खोडून काढावं म्हणून माणूस जसं बोलतं, तसं ती बोलली.

"हो ना," बँकवाली म्हणाली. "तिला नको असेल तर उगाच कशाला भरीस घालायचं?"

"तिला हवीय," पार्लरवाली म्हणाली. "तोंड बघ तिचं."

निघताना जिन्यात अक्कलनं पार्लरवालीला थांबवून विचारलं, "लग्नाला साक्षीदार लागतात. माझ्याकडून तू सही करशील?" पार्लरवालीचे डोळे भरले. "मी? करेन की," ती म्हणाली. "अक्षर वाईट आहे, पण करेन."

पार्टीची तारीख तीनदा बदलली. एकदा नर्सची ड्यूटी आली, एकदा बँकवालीकडे पाहुणे, एकदा कारण कळलंच नाही. शेवटी लग्नाआधीचा दुसरा रविवार ठरला. दुपारी चार ते सहा, बँकवालीच्या इमारतीच्या तळमजल्यावरच्या हॉलमध्ये. अक्कलनं नवा निळा ड्रेस शिवून घेतला. आई पलंगावरून बघत होती. म्हणाली, "दोन तासांच्या पार्टीला चार दिवसांची शिलाई. जा, पण फार आशा घेऊन जाऊ नकोस. त्यांना तू हवीस ती पाणी भरायला."

"आई, तू माझ्या मैत्रिणींना कधी चांगलं म्हणशील?"

"म्हणेन की. त्या पार्लरवालीला म्हणते. बाकीच्या दोघींचे खायचे दात मी अजून बघितले नाहीत, दाखवायचेच बघितलेत."

हॉलमध्ये निळे-पांढरे फुगे होते, एक लांब टेबल होतं, केक होता. पार्लरवाली सकाळपासून तिथं होती. रविवार म्हणजे तिच्या धंद्याचा दिवस, तरी पार्लर बंद ठेवून आली होती. अंगठ्याला फुगे बांधून बांधून दोऱ्याचा व्रण पडला होता. बँकवाली साडेचारला वरून खाली आली, नर्स पावणेपाचला. लॅबमधल्या दोघी आणि अक्कलची भावजय अशा आणखी तिघी होत्या. नर्सनं येताच अक्कलला मिठी मारली आणि म्हणाली, "काय दिसतेयस गं. मला पावणेसहाला निघावं लागेल हां."

मग खेळ झाला. 'नवरीला किती ओळखता?' पार्लरवालीनं लिफ्टवाल्याला फोन करून दहा प्रश्नांची उत्तरं आधीच घेऊन ठेवली होती. आता त्याच प्रश्नांची उत्तरं मैत्रिणींनी द्यायची आणि दोन्ही ताडून बघायची. खेळ हसण्यासाठी होता, आणि सुरुवातीला सगळ्या हसल्याही. नवरी चहात साखर किती घालते? नर्स म्हणाली दोन चमचे, बँकवाली म्हणाली एक. ती बिनसाखरेचा घेते, गेली अकरा वर्षं, वडिलांना साखरेच्या आजारानं नेलं तेव्हापासून. नवरीला कशाची भीती वाटते? "पालीची," बँकवाली म्हणाली. पालीची भीती बँकवालीलाच वाटायची. त्या जुन्या खोलीत पाल निघाली की तिला हाकलायचं काम अक्कलचं असायचं. नवरीचा आवडता रंग? समोर ती निळ्या ड्रेसात बसली होती, फुगे निळे होते, तरी नर्स विचार करून म्हणाली, "गुलाबी. हिरड्यांचा." हशा पिकला. अक्कलही हसली. सातव्या प्रश्नापर्यंत तिचे गाल हसून दुखायला लागले होते.

शेवटचा प्रश्न वाचताना पार्लरवाली जरा अडखळली. ती लिफ्टवाल्याला म्हणाली होती, तिच्याबद्दल अशी एक गोष्ट सांगा जी फक्त जवळच्या माणसांना ठाऊक असेल. तो म्हणाला होता, तिच्या कानाचं, पण ते तुम्हाला माहीतच असणार. ते ऐकून पार्लरवालीला त्या दिवशी स्वतःचीच लाज वाटली होती. तिनं प्रश्न ठेवला, कारण निदान नर्सला तरी आठवेल अशी तिची खात्री होती.

"नवरीला कोणत्या कानानं ऐकू येत नाही?"

मग बँकवाली म्हणाली, "हा काय प्रश्न? तिला ऐकू येतं की."

"उजव्या," नर्स म्हणाली. अंदाजानं, पण औषधाचं नाव सांगावं तशा खात्रीच्या सुरात.

"डाव्या," अक्कल म्हणाली. "खोलीवर असताना ताप आला होता ना, तेव्हापासून. तूच घड्या ठेवल्या होत्यास."

"अगं, मग सांगायचं नाही का?" नर्स म्हणाली. "मला आपलं वाटायचं, तुझं लक्षच नसतं. म्हणजे इतकी वर्षं तुझ्या डाव्या कानात सांगितलेली माझी सगळी रडगाणी वायाच गेली म्हणायची."

पुन्हा हशा. लॅबमधल्या दोघी मात्र हसल्या नाहीत. त्यांना माहीत होतं.

केक कापून झाल्यावर नर्स आणि बँकवाली उरलेल्या बशा घेऊन आतल्या लहान स्वयंपाकघरात गेल्या. त्याचं दार काचेचं होतं. अक्कल बाहेर खुर्चीवर बसून भावजयीचं बोलणं ऐकत होती आणि नजर सहज काचेकडे गेली. मुद्दाम काही नाही. वीस वर्षांची सवय, ओठ हलताना दिसले की डोळे आपोआप वाचतात. नर्स नळाखाली चमचा धरून म्हणत होती, "सुटलो बाई एकदाच्या. आता तिची काळजी तिचा नवरा करील." बँकवाली तिच्याकडे वळली, तिचंही तोंड दिसायला लागलं. "नाहीतर काय. दर रविवारी फोन, दर सहलीला शेपूट. किती वर्षं ओढली आपण तिला."

ओढली. 'ओ'ला ओठ गोल होतात. चूक होण्यासारखं काही नव्हतं.

भावजय विचारत होती, साखर नको तर केक कसा खाल्लास? अक्कल म्हणाली, "आजच्या दिवस." दोघी खाण्याच्या बशा घेऊन हसत बाहेर आल्या आणि नर्स म्हणाली, "अक्कल, दोन शब्द बोल की. आभाराचे. तुला तर छान जमतं."

ती उभी राहिली. वाक्यं तयारच होती, इतरांच्या तोंडी घालून घालून गुळगुळीत झालेली. तुम्ही सगळ्यांनी वेळात वेळ काढलात, इतकं प्रेम दिलंत, हा दिवस मी विसरणार नाही. शेवटचं तेवढं खरं होतं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. पार्लरवालीनं डोळे पुसले. पाच पस्तीसला नर्स निघाली.

पुढचे तीन दिवस ती कामाला गेली, कवळ्या केल्या आणि त्या एका शब्दावर दात रोवून बसली. ओढली. आपण ओढलेलं सगळं तिला आठवायला लागलं. नर्सचं पहिलं बाळंतपण, तेव्हा नवरा परगावी म्हणून सतरा रात्री हिनं काढल्या. बँकवालीचे सासरे अंथरुणाला खिळले, तेव्हा मुलांना शाळेतून आणायला हीच. हे आठवताना राग येत होता आणि राग बरा वाटत होता. पण मधूनच दुसरंही आठवायचं. फोन उचलताना बँकवालीच्या आवाजात येणारा तो बारीक उसासा. सहलीत गाडीत बसताना नवरेमंडळींनी एकमेकांकडे टाकलेली नजर. दोन-तीनदा त्या तिला न सांगता जाऊन आल्या होत्या आणि तिनं फोटो बघूनही न बघितल्यासारखं केलं होतं. म्हणजे तिलाही माहीत होतं. आपलं ओझं होतंय हे कळूनही ती धरून बसली होती. हे रागापेक्षा जास्त लागलं.

आईला तिनं सांगितलं. आई बराच वेळ कवळी जिभेनं हलवत राहिली. "आपलेच दात, आपलेच ओठ," ती म्हणाली. "चावलं गेलं. थुंकून टाक आणि गप बस. लग्न तोंडावर आलंय."

चौघींचा फोनवर एक ग्रुप होता, 'चौकडी' नावाचा. तिसऱ्या दिवशी बँकवालीनं तिथं लिहिलं, "काय गं नवरीबाई, पार्टी आवडली नाही का? फोटो टाकले, त्यावर एक शब्द नाही. आमच्या वेळी कशी कागदं भरभरून आभार मानायचीस."

दुपारच्या सुट्टीत लॅबच्या टेबलाशी बसून अक्कलनं उत्तर लिहिलं. फार विचार केला नाही, खरं तर तीन दिवस विचारच केला होता.

"रविवारच्या पार्टीबद्दल तुम्हा तिघींचे आभार. फुगे, केक, खेळ, सगळं नीटनेटकं झालं. इतकी वर्षं तुम्ही मला ओढलंत, त्याचे आभार मात्र राहूनच गेले होते, तेही आज मानते. आता सुटलात. हात भरून आले असतील, जरा शेकून घ्या."

पाठवलं आणि हातमोजे चढवले.

बँकवालीचं उत्तर लगेच आलं, आधी एक हसरं तोंड आणि मग, "हे काय काहीतरीच." नर्सनं लिहिलं, "तुझा काहीतरी गैरसमज झालाय. भेटल्यावर बोलू." पार्लरवालीनं काही लिहिलं नाही. तासाभरानं तिचा फोन आला. अक्कलच्या हातात प्लास्टर कालवलेलं होतं आणि प्लास्टर कुणासाठी थांबत नाही. फोन टेबलावर थरथरत सरकत राहिला. दहा मिनिटांनी पुन्हा वाजला. तेव्हा हात मोकळे होते. तिनं उचलला नाही. मग स्क्रीनवर तीन शब्द आले, "मी काय केलं?"

अक्कलनं ते वाचलं. पार्लरवालीनं काही केलं नव्हतं, म्हणजे पार्टीचं जे काही झालं ते सगळं तिनंच केलं होतं, हे अक्कलला पुरतं माहीत होतं. "तू नाहीस गं त्यात," एवढं लिहायला किती वेळ लागतो? पण लिहिलं नाही. घरी गेल्यावर लिहू म्हणाली, घरी गेल्यावर सकाळी म्हणाली. पुढे स्वतःशी प्रामाणिक होऊन तिनं कबूल केलं, की त्या दिवशी कुणाला तरी लागावं अशी तिची इच्छा होती. नर्सची आणि बँकवालीची कातडी जाड, तिथं शब्द रुतला नाही. जिथं रुतला तिथं तो तिनं राहू दिला.

लग्न बुधवारी सकाळी अकराला, नोंदणी कार्यालयात झालं. भिंतीवर घड्याळ, लोखंडी कपाटं, दाराबाहेर बाकावर आणखी दोन जोडपी नंबर लावून. लिफ्टवाला नव्या शर्टात आला होता आणि उभा राहिला तो आपसूक तिच्या उजव्या बाजूला. आई आली, भाऊ-भावजय आले. नर्स आली, बँकवाली आली, दोघींच्या हातात फुलं, तोंड भरून हसू. "शेवटी आमच्या अक्कलचं झालं," नर्स म्हणाली आणि जवळ घेतलं. संदेशाचा विषय कुणी काढला नाही. भेटल्यावर बोलू म्हणालेली भेटली, आणि बोलायचं राहिलंच.

पार्लरवाली आली नव्हती. अक्कल दाराकडे बघत होती. कारकुनानं वही पुढे सरकवून विचारलं, "वधूकडून साक्षीदार कोण?"

"येतेय," अक्कल म्हणाली. "पाच मिनिटं थांबा."

कारकुनानं पाच मिनिटं दिली, वर आणखी तीन दिली. बाहेरची जोडपी आत डोकवायला लागली. "मी करते ना," नर्स म्हणाली आणि पर्समधून पेन काढलं. "कुणीतरी केल्याशी मतलब." तिनं झोकात सही केली. अक्षर सुंदर होतं. आई मागून लेकीकडे बघत होती.

तो तिच्याच घरी राहायला आला आणि संसार चांगला सुरू झाला. तो सकाळी लवकर निघायचा, दुपारी फोन करून जेवलीस का विचारायचा, आईच्या खोलीच्या दाराची कुरकुर त्यानं पहिल्याच आठवड्यात घालवली. तक्रारीला जागा नव्हती. तरी एक गोष्ट तिला टोचत होती, आणि दोन महिन्यांनी एका मंगळवारी, लॅब सुटल्यावर, ती पार्लरकडे गेली.

दुकानात दुसरं कुणी नव्हतं. पार्लरवाली कात्र्या पुसत होती. तिनं वर बघितलं.

"या," ती म्हणाली. "बसा. केस कापायचेत का?"

अक्कलला आधी वाटलं, चेष्टा करतेय. मग तोंड बघितलं. चेष्टा नव्हती. ती खुर्चीत बसली. पार्लरवालीनं तिच्या गळ्याभोवती कापड गुंडाळलं, मागे गाठ मारली, फवाऱ्यानं केस भिजवले.

"'तुम्ही' काय म्हणतेस मला?" अक्कल म्हणाली.

"गिऱ्हाइकाला मी तुम्हीच म्हणते."

कात्री चालू झाली. आरशात बघत अक्कलनं सगळं सांगितलं. काच, नळ, चमचा, तो शब्द. सांगताना आवाज आधी रागाचा होता, मग नुसता राहिला. पार्लरवालीचे हात थांबले नाहीत.

"ठाऊक आहे मला," ती म्हणाली. "तुम्ही ग्रुपवर लिहिलंत, त्याच संध्याकाळी नर्सचा फोन आला. रडली. बोलून गेले म्हणाली. मग मी म्हटलं, आता हिचा फोन येईल. तू नाहीस गं त्यात, असं म्हणेल. मी वाट बघितली. लग्नाच्या दिवशी सकाळी साडी नेसून इथंच बसले होते, दुकानात. म्हटलं, फोन आला की निघायचं. दहा मिनिटांवर तर आहे ते ऑफिस."

"मी दाराकडे बघत होते."

"बघत असाल."

"तुझा काही दोष नव्हता," अक्कल म्हणाली. "मी तेव्हाच म्हणायला हवं होतं. आणि पार्टी तू केलीस, एकटीनं केलीस, मला दिसत होतं. तुझे आभार मी मानलेच नाहीत."

"मानलेत की," पार्लरवाली म्हणाली. "तिघींचे."

अक्कलला रडू आलं. कापडाखाली हात अडकलेले, डोळे पुसता येईनात. पार्लरवालीनं टेबलावरचा कागदी रुमाल काढून तिच्या मांडीवर ठेवला आणि म्हणाली, "मान सरळ ठेवा. एका बाजूला आखूड होतील."

केस मात्र तिनं जीव लावून कापले. मागून लहान आरसा धरून दाखवला, मानेवरचे बारीक केस ब्रशनं झटकले, दारापर्यंत आली. "दोन महिन्यांनी पुन्हा या," म्हणाली.

घरी नवऱ्यानं विचारलं, "बोलली का?"

"बोलली."

"मग?"

"मग काही नाही. केस कापून आले."

त्यानं केसांकडे बघितलं, चांगले झालेत म्हणाला, आणि चहा टाकला.

त्याला आता तीन वर्षं झाली. चौकडीचा ग्रुप चालू आहे. वाढदिवसाला नर्स फुलांचं चित्र टाकते, बँकवाली हसरी तोंडं टाकते, अक्कलही काहीतरी टाकते. पार्लरवाली त्यात आहे, पण कधी लिहीत नाही. रविवारचे फोन अक्कलनं बंद केले आणि त्याबद्दल कुणी विचारलं नाही. मागच्या वर्षी नर्सच्या दोन दाढा गेल्या, त्या जागी बसवायचे दात अक्कलनंच केले. चांगले केले, तिला दुसरं काही करताच येत नाही. दर दोन महिन्यांनी, मंगळवारी, ती पार्लरमध्ये जाऊन खुर्चीत बसते. मध्ये एकदा आई वारल्याचं सांगितलं, तेव्हा पार्लरवालीची कात्री थांबली आणि तिचा हात अक्कलच्या खांद्यावर बराच वेळ राहिला. "फार चांगल्या होत्या," ती म्हणाली. "माझ्याशी नेहमी चांगलं बोलायच्या." अक्कल वाट बघत राहिली, की आता तरी ती तू म्हणेल.

"पुढून किती ठेवू तुमचे?" पार्लरवालीनं विचारलं.

"भुवयांपर्यंत," अक्कल म्हणाली.